भिंतीवरचा हात

आतुबिगाने तुंबडीतलं पाणी भिंतीवर फेकलं आणि दीडशे माणसं पुढे झुकली. आधीच्या दोन घरांच्या भिंती नुसत्या भिजल्या होत्या. ही तिसरी, आयिनपोका आजीची, तीही नुकतीच लिंपलेली. लाल माती काळपट झाली आणि तीत एक फिकट, कोरडा हात उमटला. पाचही बोटं तिच्या दाराकडे.

"मी काही बोललो का?" आतुबिगा म्हणाला. "मी आपला पाणी शिंपणारा. भिंत बोलली. मातीला खोटं पचत नाही, बाबांनो."

त्याला मात्र गिनी कोंबड्या पचत होत्या. मोबदल्याच्या अकरा कोंबड्या, पाय बांधलेल्या, त्याच्या पाठीशी पडल्या होत्या.

त्या महिन्यात मान ताठणाऱ्या तापाने गावातली दोन मुलं गेली होती. चेटकीण हुडकायला म्हणून परगावच्या या माणसाला बोलावलं होतं. आता निकाल लागला: सूर्य मावळायच्या आत आजीने गाव सोडायचं. चेटकीण ठरलेल्या बायकांची वस्ती दोन दिवसांच्या वाटेवर होती. तिथे गेलेली बाई परत आल्याचं कोणाच्या ऐकिवात नव्हतं.

आजी उंबऱ्यात बसून राहिली. बाकीच्या बायका दूर, कडब्याच्या कुडापलीकडे. कौल लावताना बायकांनी जवळ यायचं नाही, अशी आमच्याकडची रीत.

लामिसी बाई कूड ओलांडून आल्या. त्या शाळेत शिकवतात. भिंती रंगवायला आजीकडेच शिकल्या. त्यांनी हाताच्या खुणेवर बोट फिरवलं, मग बोटाचा वास घेतला.

"आजी, काल हा माणूस तुझ्याकडे आला होता?"

"आला होता की. खोकला झालाय म्हणाला. शेंगांचा काढा वाडगाभर दिला मी."

"बायकांच्या मडक्यातलं इथं काय काढताय?" तेंदाना गुरगुरले. तेंदाना म्हणजे गावाच्या मातीचे पुजारी. त्यांच्या शब्दापुढे कोणी जात नाही.

"तेच तर, बाबा. भिंत तुम्ही पुरुष उभी करता. लिंपण, रंग आणि वरचा काढा आमचा. तुम्ही त्या मडक्याला शिवत नाही, म्हणून ते काय करतं हे तुम्हाला ठाऊक नाही. तुमची भिंतही नुकतीच लिंपलीय, रंग चढायचाय. मला तासभर द्या."

"पोरी, ऊन उतरतंय," आतुबिगा हसला. "पूर्वजांना ताटकळत ठेवू नये."

"पूर्वज थांबतील. घाई तुम्हालाच दिसतेय."

तेंदानांनी मान डोलावली. बाईंनी दावादावाच्या झाडाच्या शेंगांचा तोच काढा आणला आणि त्याने तेंदानांच्या भिंतीवर बोटांनी काहीतरी रेखाटलं. मग सगळे वाट पाहत बसले. हरमाटनचा कोरडा वारा वाहत होता, तरी काढा सुकता सुकेना. सावल्या अंगणभर लांबल्या. कोणीतरी आजीचं गाठोडं बांधून बाहेर आणून ठेवलं. आतुबिगा कोंबड्या मोजायला म्हणून उठला, तेव्हा तेंदाना शांतपणे म्हणाले, "बसा."

सूर्य बाभळीच्या शेंड्याला टेकला. लाल मातीवर आता काही दिसत नव्हतं.

"तुमचंच पाणी, तुमचीच तुंबडी," बाई म्हणाल्या. "शिंपा."

आतुबिगा हलेना. तेंदानांनी तुंबडी ओढून घेतली आणि स्वतःच पाणी फेकलं. भिंत काळपटली. फिकट हात उमटला. बोटं तेंदानांच्या दाराकडे.

कुडापलीकडून एक म्हातारी म्हणाली, "आता तेंदानांचंही गाठोडं बांधा." आधी बायका हसल्या, मग पुरुषही.

"काढा सुकला की माती पाणी पीत नाही," बाईंनी सांगितलं. "पावसात रंग टिकावा म्हणून आपल्या आज्यांनी शोधलेली युक्ती. याने आजीचाच काढा तिच्या भिंतीवर चोपडून त्या युक्तीचा फास केला. आणि मुलं गेली ती तापाने. त्यावर लस आहे, ती दवाखान्यात मिळते."

आजी उठली, गाठोडं उचलून आत गेली. जाताना आतुबिगाला म्हणाली, "खोकला बरा आहे ना?"

त्याच संध्याकाळी तो रिकाम्या हातांनी गेला. दुसऱ्या दिवशी अठ्ठावीस मुलं लसीला नेली.

तेंदानांनी ती भिंत पुन्हा लिंपू दिली नाही. पाऊस आला की हात अजून उमटतो, आणि नवीन माणूस दचकतो. मग ते त्याला सांगतात: खूण दिसली तर घाबरू नये. ती कोणी काढली, ते आधी विचारावं.