अकरावं कडवं

"कुमुदआजी, इथे अकरा नंबर लिहिलाय, पण खाली काहीच नाही." उल्काने वही डोळ्यांजवळ नेली. "पेज मिसिंग आहे का?"

"नाही गं. ते मलाच अजून शिकायचंय."

"तुम्हाला? तुम्ही तर टीचर आहात!"

"टीचरचाही होमवर्क राहतो कधीकधी."

मुलं खो खो हसली. दिल्लीतल्या द्वारका भागात, सोसायटीच्या खोलीत दर रविवारी आठ मुलं सतरंजीवर बसत. केंद्र सरकारच्या एका खात्यातून निवृत्त झालेल्या कुमुदताई त्यांना मराठी शिकवत. सध्या कुमुदताईंच्या आईने रचलेलं कृष्णामाईचं गाणं चाललं होतं.

"कृष्णामाई माझे आई, तुझ्या काठी माझं घर,
लेक दूर देशी गेली, तिच्या माथी हात धर."

दहा कडवी आईने दिल्लीच्या सरकारी क्वार्टरमध्ये, कणीक मळता मळता रचली होती. अकरावं सुचलं ते फार नंतर, वाईच्या घाटावर. वडील निवृत्त झाल्यावर ती दरवर्षी कृष्णाबाईच्या उत्सवाला जाऊ लागली, तेव्हा. ते पाण्यात पाय सोडूनच म्हणायचं, असा तिचा दंडक. घरी नाही, कागदावर तर नाहीच. कुमुदची थोरली बहीण प्रमोदिनी आईबरोबर जायची आणि शिकली. कुमुदला आई दरवर्षी विचारायची, कुमुद दरवर्षी तेच सांगायची, "आई, बजेट सेशन आहे. रजा नाही मिळत."

आई गेली. मग कुमुदताई त्या कडव्यासाठी फोनवर ताईच्या मागे लागल्या.

"फोनवर? वेडी आहेस का? चल घाटावर, पाच मिनिटांत येईल तुला."

कधी हिचे गुडघे, कधी तिच्या नातवाची परीक्षा. यंदा मात्र फेब्रुवारीची तिकिटं काढून झाली होती. डिसेंबरात ताईला झटका आला. उजवं अंग गेलं, बोलणं गेलं. तोंडात एकच शब्द उरला, 'अच्छा'. भूक लागली तरी अच्छा, दुखलं तरी अच्छा.

सोमवारी कुमुदताई मेट्रोने नोएडाला ताईकडे निघाल्या. यमुना आली. पाण्यावर पांढरा फेस तरंगत होता. त्यांनी नेहमीसारखे हात जोडले.

ताईच्या सुनेने, वीणाने, दार उघडलं. "या मावशी. चहा टाकते."

"चहा राहू दे. मोठी परात आहे ना? कोमट पाणी घालून आण."

"परात? कशाला?"

"ताईचे पाय बुडवायला."

"मावशी, एवढ्या थंडीत? डॉक्टर मला ओरडतील."

"माझं नाव सांग त्यांना."

परात आली. कुमुदताई जमिनीवर बसल्या. त्यांनी ताईचे मोजे काढले, एकेक पाऊल उचलून पाण्यात ठेवलं.

"ताई, घाट आला बघ."

"अच्छा," ताई म्हणाली.

कुमुदताई गाऊ लागल्या. चौथ्या कडव्याला ताईचा डावा पाय पाण्यात हलला. सातव्याला ती गुणगुणू लागली. दारात वीणा टॉवेल घेऊन तशीच उभी राहिली.

"दिवा सोडला पाण्यात, गेला वळणाच्या पार,
ओंजळ रिकामी माझी, तिला तुझाच आधार."

दहावं संपलं. ताईने डावा हात वर करून बहिणीला थांबवलं. डोळे मिटले आणि गाऊ लागली.

चाल नवीन होती. दहाही कडवी जिथे खाली उतरत, तिथे ही हळूच वर चढत होती. सूर एकही चुकला नाही. पण प्रत्येक शब्दाच्या जागी 'अच्छा' होतं. अच्छा, अच्छा, अच्छा. कुमुदताईंनी शब्द लिहून घ्यायला पर्समधून पेन्सिल काढली होती. ती तशीच हातात राहिली.

ताईने पुन्हा म्हटलं. तिसऱ्यांदा अर्ध्यावर थांबली. आपल्या तोंडून काय येतंय ते तिला ऐकू आलं असावं. गालावरून पाणी ओघळलं. ती धाकटीकडे पाहत राहिली.

"अच्छा?" तिने विचारलं.

शिकलीस का, असंच ती विचारत होती. कुमुदताईंना एवढं कळलं.

"हो ताई. शिकले. पाच मिनिटांत आलं मला."

ताईचा चेहरा सैल झाला. कुमुदताईंनी तिचे पाय टॉवेलात घेतले आणि आई पुसायची तशा बोटांमधल्या खाचा एकेक करून पुसल्या.

रविवारी उल्का पेन्सिल परजूनच बसली होती. "आजी, होमवर्क झाला?"

"अर्धा. चाल आली, शब्द नाही आले."

"मग कधी येणार?"

"नाही येणार, बाळा."

कुमुदताईंनी तोंड मिटून चाल गुणगुणली. एकदा, दोनदा. मुलंही मिटल्या तोंडाने मागोमाग येऊ लागली.

उल्काने वही पुढे ओढली. अकराच्या खाली पट्टी धरून दोन सरळ रेघा आखल्या आणि पेन्सिल कंपासात ठेवून दिली.