सात नंबरचा पंखा

“अंगदभाऊ, उचला की फोन!” वनमाला रिसीव्हर कानाशी दाबून म्हणाली. पलीकडं साधी रिंगही वाजत नव्हती.

आत्ताच वडवणीच्या बाजूला वीज पडून सबस्टेशनच्या काचा थरथरल्या होत्या. त्याच क्षणी तिच्यासमोरच्या स्क्रीनवरचे अर्धे पंखे, म्हणजे पवनचक्क्या, हिरव्याचे करडे झाले. त्यात सात नंबर होता. त्याच्या माथ्यावरच्या बंद खोलीत अंगद आणि सुरज गिअरबॉक्सचं काम करत होते.

डोंगरावरच्या सगळ्या पवनचक्क्या निरोपांच्या एका केबलनं जोडलेल्या होत्या. प्रत्येकीच्या पायथ्याशी निरोप पुढं पाठवणारा एक स्विच. केबल त्या सगळ्यांतून गोल फिरून पुन्हा सबस्टेशनमधल्या मोठ्या स्विचला येऊन मिळायची. एका जागी तुटली तर निरोप उलट्या बाजूनं येत. मागच्या आठवड्यात रस्त्याच्या कामावरच्या जेसीबीनं ती नाल्याजवळ तोडली. तरी सगळे पंखे दिसत राहिले, म्हणून दुरुस्तीची घाई कुणी केली नाही. आता विजेनं दुसऱ्या बाजूचा एखादा स्विच जाळला असणार. मधले पंखे दोन्हीकडून तुटले होते. टॉवरमधला फोन त्याच केबलवर चालायचा, आणि डोंगराआड मोबाइलला रेंज नव्हती.

तिनं बीडला गेलेल्या इंजिनिअरला, संगमेशला फोन लावला.

“सर, सात नंबर लागत न्हाई. इजा लई जवळ आल्यात. दोघंबी वरच हायेत.”

“ढग दिसले की उतरतील.”

“झाकण लावून ग्राइंडर चालवायलेत. त्यंला काय दिसणार?”

“तू जागा सोडू नको. कंट्रोल रूम रिकामी ठेवायची नसते. मी निघतो.”

तो येईपर्यंत ढग डोंगरावर आले असते. वनमालानं स्कूटीची किल्ली उचलली.

मुरमाच्या रस्त्यावर वारा स्कूटीला आडवा ढकलत होता. टॉवरच्या पायथ्याशी, दोघांच्या जीपशेजारी थांबून तिनं हाका मारल्या, पान्यानं पत्रा बडवला. वरून फक्त ग्राइंडरची घरघर येत राहिली.

चढायचं शिक्षण तिनं या दोघांबरोबरच घेतलं होतं. बाळंतपणानंतर कंपनीनं तिला स्क्रीनसमोर बसवलं, ते कायमचंच. दाराशी जादा बेल्ट लटकत होता. तो तिनं कमरेला आवळला, हुक अडकवला आणि शिडी धरली.

अर्ध्यावर दंडात गोळे आले. गडगडाट त्या लोखंडी नळीत शिरला की पायऱ्या हाताखाली थरथरत. लेक आरोही अंगणवाडीतून घरी आली असेल, असं मनात आलं. तो विचार तिनं तिथंच तोडला आणि पुढची पायरी धरली.

वरच्या झाकणावर तिनं मुठी आपटल्या. ग्राइंडर थांबला. सुरजनं झाकण उचललं.

“ताई? तुमी कावून आलात वर?”

“खाली चला. इजा हायेत.”

“मंग फोन करायचा की,” अंगद मागून म्हणाला.

“फोन मेलाय. हत्यारं ऱ्हाऊ द्या, भाऊ. चला!”

अंगदनं छताचं दार बोटभर उघडून पाहिलं. लगेच लावलं. हातातला पाना तिथंच टाकून तो शिडीकडं वळला.

उतरताना वनमाला मधे होती. सुरज तिच्या खालोखाल राहून तिचं प्रत्येक पाऊल पायरीवर टेकवत होता. तिघं बाहेर पडून जीपमध्ये शिरले, दार ओढलं, आणि डोळ्यांपुढं पांढरं झालं. आवाज छातीत बसला. सात नंबरच्या एका पात्याचं टोक फाटून धुमसत होतं.

सुरजनं जीप चालू केली. खिंडीकडं वळवली.

खिंडीत रेंज येताच वनमालाचा फोन वाजला. अंगदनं तो तिच्या कानाला धरला.

“कंट्रोल रूममध्ये कोण आहे आता?” संगमेशनं विचारलं.

“कुणी न्हाई, सर,” ती म्हणाली. “आमी तिघं जीपमधी हावोत.”

संगमेश हळूच म्हणाला, “हळू या.”

तिच्या कमरेला बेल्ट तसाच होता. काढायला गेली तर बोटं उघडेनात. पायरी धरल्यासारखी वळलेलीच राहिली. अंगदनं फोन बाजूला ठेवला, खाली वाकून एकेक बक्कल सोडलं आणि बेल्टची नीट घडी करून तो आपल्या मांडीवर घेतला.