खुनाची तालीम

बॅरिस्टरसाहेबांच्या कचेरीत मी एकतीस वर्षं होतो आणि त्या काळात निदान चाळीस वेळा मेलो. भोसकून, गळा आवळून, जिन्यावरून ढकलून, एकदा उशीखाली. खुनाचा खटला हाती आला की साहेब आधी कागद वाचत नसत. खोलीचं दार लावून तो खून करून बघत. खुनी ते स्वतः, मयत मी.

तसा मीही वकीलच. पण कोर्टात उभं राहिलं की माझे गुडघे लटपटायचे, म्हणून जुने निकाल शोधून द्यायचं काम माझ्या वाट्याला आलं. साहेब मला ग्रंथोबा म्हणत. वकिलांच्या खोलीत शिरलो की कोणीतरी विचारायचंच, "काय ग्रंथोबा, आज भोसकून की बुडून?" मीही हसायचो. एक बरगडी आणि पुढचा अर्धा दात अशाच तालमींत गेला.

पण साहेब त्यातूनच मोठे झाले. डावखुऱ्याला अमुक वार करताच येणार नाही, हे त्यांनी माझ्या पाठीवर लाकडी पट्टी मारमारून शोधलं आणि एका माणसाला फासावरून खाली आणलं. मग अशिलांची रीघ लागली. हात मात्र तालमीपुरता राहिला नाही. जेवताना शब्दाने शब्द वाढला म्हणून त्यांनी सख्ख्या भावाचा जबडा मोडला. हाताखालच्या एका वकिलाच्या कपाळावर पेपरवेट भिरकावला. तो बिचारा ती खोक पदकासारखी मिरवायचा. वहिनींच्या, म्हणजे साहेबांच्या बायकोच्या, मनगटांवर काळेनिळे डाग दिसायचे. मी पुस्तकात डोकं घालायचो.

तालमीला नियम एकच. मयताला सहन होईनासं झालं की त्याने टेबलावर तीन थापा मारायच्या. साहेब त्या क्षणी सोडत. कितीही रंगात आले तरी सोडत, एवढं त्यांच्या बाजूने सांगायलाच हवं.

त्या रविवारी दुपारी गळा दाबून मारलेल्या एका बाईचा खटला पुढ्यात होता. "तुझी मान कसली, कोंबड्याची," साहेब म्हणाले. "इथे बाईची मान पाहिजे." आणि त्यांनी आत घरात वहिनींना हाक मारली.

सकाळपासून दोघांची जुंपली होती. वहिनी मुलीकडे निघाल्या होत्या, कायमच्या. बॅग दारात भरून ठेवलेली होती.

"मला नाही जमायचं असलं काही," त्या म्हणाल्या.

"दोन मिनिटांचं काम. मग जा कुठे जायचं तिकडे."

वहिनींनी माझ्याकडे पाहिलं. "भावजी, तुम्ही आहात ना इथे?"

मी मान डोलावली. त्या खुर्चीत बसल्या तेव्हा मी साहेबांना हळूच विचारलं, "वहिनींना थापांचं सांगू का?"

"राहू दे," साहेब बाह्या सारत म्हणाले.

माझं काम घड्याळ धरायचं. मी धरलं. दहा सेकंदांत वहिनींचा चेहरा लाल झाला, वीस सेकंदांत त्यांनी साहेबांच्या गालावरची सालटी काढली. टाच लागून पुस्तकांच्या कपाटाची काच फुटली. त्यांच्या घशातून ओल्या फडक्याने जमीन पुसल्यासारखा आवाज येत होता. लिहायला लाज वाटते, पण किती हुबेहूब करतायत, असंही माझ्या मनात आलं. मी थापांची वाट बघत होतो! त्यांना ते ठाऊक नाही, हे माहीत असून वाट बघत होतो. पन्नासाव्या सेकंदाला त्यांचे हात मांडीवर पडले. साहेबांची बोटं सुटली नाहीत.

टेबलावरचा निकालांचा सर्वांत जाड खंड उचलून मी साहेबांच्या कानशिलावर हाणला. दुसऱ्या घावाला ते कोसळले.

वहिनी वाचल्या, पण गळ्यातलं हाड मोडून आवाज गेला. श्वासासाठी डॉक्टरांनी गळ्यात नळी बसवली. मी भेटायला गेलो तेव्हा त्यांनी पाटीवर लिहून दाखवलं, "भावजी, तुमच्यामुळे जगले." असं मला आयुष्यात कोणी म्हटलं नव्हतं. पोलिसांना मी सगळं सांगितलं. फक्त माझा तो प्रश्न आणि साहेबांचं उत्तर गाळलं. ते कळलं असतं तर वहिनींनी ती पाटी पुसून टाकली असती.

खुनाच्या प्रयत्नाचा खटला उभा राहिला. साहेबांनी वकील दिला नाही, स्वतःच लढले. तालमीत झालेला अपघात, एवढाच त्यांचा बचाव. मी साक्षीला पिंजऱ्यात उभा राहिलो.

"एकतीस वर्षांत थापा ऐकून मी सोडलं नाही, असं कधी झालं?"

"नाही."

"त्या दिवशी थापा ऐकल्यात?"

"नाही."

"मग मला कळावं कसं? मी काय मनकवडा आहे?"

लोक हसले. साहेब बसायला वळले. खटला तिथेच संपत होता, हे मला कळत होतं. समोर पहिल्या बाकावर वहिनी गळ्याला रुमाल बांधून बसल्या होत्या. मला धीर यावा म्हणून त्यांनी हलकेच मान हलवली.

"थापांचं त्यांना माहीतच नव्हतं," मी म्हणालो. "मी विचारलं होतं, सांगू का. तुम्ही म्हणालात, राहू दे."

साहेबांना नुसतं 'खोटं' म्हणता आलं असतं. माझ्या शब्दाला कितीशी किंमत! पण समोर साक्षीदार उघडा पडला की त्यांना दुसरं काही दिसत नसे. डोळे चमकले. पिंजऱ्याच्या कठड्यावर मूठ आपटून ते ओरडले, "म्हणजे तुला माहीत होतं! मी राहू दे म्हणालो आणि तू कुत्र्यासारखा गप्प बसलास! किती सेकंद? मोठ्याने सांग, तिला ऐकू जाऊ दे!"

"पन्नास."

"पन्नास! हा वाचवणारा!"

न्यायाधीशांनी लेखनिकाला आरोपीचे शब्द पुन्हा वाचायला सांगितले. "मी राहू दे म्हणालो," त्याने वाचलं. साहेबांची मूठ कठड्यावरच राहिली. साहेबांना दहा वर्षांची सजा झाली.

पण ते नंतर. त्या दुपारी मी बाहेर व्हरांड्यात आलो तर वहिनी समोर उभ्या होत्या. पहिल्या थपडेने माझा चष्मा उडाला. दुसरीने ओठ फुटला. त्यांच्या तोंडातून शब्द निघत नव्हता, गळ्यातल्या नळीतून नुसती वाफेसारखी शिट्टी वाजत होती.

"आई, पुरे," मुलगी म्हणाली.

"मारू दे त्यांना," मी म्हणालो.

वहिनींनी उगारलेला हात खाली घेतला, माझं रक्त लागलेली बोटं माझ्याच कोटाला पुसली आणि मुलीला धरून त्या जिना उतरून गेल्या.