लाँड्रीची छाटलेली दोन मिनिटं

लोवेल स्टेटलरने ती कॅसेट दिली बायकोसाठी, मालिकेसाठी नव्हे. पण हे त्याने तोंडाने सांगितलंच नाही, आणि तिथेच माशी शिंकली.

चौऱ्याहत्तर साली तो अमेरिकेतल्या टोलेडोच्या काचकारखान्यात रात्रपाळीला असायचा. 'कोपऱ्यावरची लाँड्री' ही त्याची लाडकी विनोदी मालिका दर आठवड्याला चुकायची. म्हणून त्याची बायको नदीन टीव्हीसमोर टेपरेकॉर्डर ठेवून आवाज उतरवून घ्यायची. गप्प बसेल तर शपथ! स्वतःच खो खो हसायची, वर त्याला सांगायची, "लोवेल, ऐक हां, आता हा मेला कसा आपटतो!" तिला जाऊन एकोणीस वर्षं झाली. तिचा आवाज उरला होता तो या एकाच कॅसेटमध्ये, आणि पट्टी आत चिकटून बसलेली.

पुढे जाहिरातींना जागा हवी म्हणून चॅनेलवाल्यांनी प्रत्येक भागाची दोन-दोन मिनिटं छाटली. या भागाचा तर शेवटचा प्रसंगच उडवला. कर्टिस नावाचा एक तरुण आणि त्याचे दोस्त असे छाटलेले तुकडे हुडकून भाग पुन्हा जोडायचे. या प्रसंगाचं चित्र त्यांना मिळालं होतं, पण मुकं. आवाज होता फक्त लोवेलकडे.

"काका, पट्टीवरचा लेप सुटलाय. एकदाच वाजेल, मग खलास," कर्टिस म्हणाला.

"एकदा पुरे. मला नुसतं ऐकायचंय रे."

महिन्याभराने जोडलेला भाग बघायला ग्रंथालयात चाळीस माणसं जमली. लोवेल इस्त्रीचा शर्ट घालून पहिल्या रांगेत बसला. शेवटचा प्रसंग लागला. नट बादलीत पाय अडकून धाडकन आपटला, सगळे हसले. लोवेल कान देऊन वाट बघत राहिला. दिवे लागले तरी वाटच बघत होता.

कर्टिस धावत आला. "कसं झालंय, काका? अहो, काय छळलंय त्या कॅसेटने! खोलीत कोणी बाई सारखी हसतेय, बडबडतेय. पट्टी वाजतानाच गाळून टाकली तिला. श्वाससुद्धा ठेवला नाही बघा!"

"ती नदीन होती रे," लोवेल म्हणाला. "माझी बायको."

कर्टिसचा चेहरा पांढराफटक पडला. "मूळ आवाज मी वेगळा ठेवलाच नाही, काका." तो तिथेच खाली बसून रडायला लागला.

लोवेलला त्याच्यावर ओरडायचं होतं. पण मागून लोक येत होते, त्याचा हात हातात घेत होते. "तुमच्यामुळे भाग पुरा झाला हो!" आणि तो एकेकाला मान हलवून म्हणत होता, "आभारी आहे, आभारी आहे."