आवडाबाई रोडलाइन्स

गोदूबाईच्या पायाला प्लास्टर घातलं, त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सगुणा आपल्या मुलीला म्हणाली, "तो गेम काढून टाक. आजच्या आज. त्याचा मागमूस घरात ऱ्हायला नको."

नेत्रा हातात चहाचा कप घेऊन तशीच उभी राहिली. आईशी वाद घालायला तिला तोंड नव्हतं. गेम तिनंच आणला होता.

नेत्राच्या वडिलांनी, धर्मानं, एकतीस वर्षं ट्रक चालवला. आधी दुसऱ्याच्या गाडीवर पगारानं, मग स्वतःच्या गाडीवर. पेणच्या मिठागरांतलं मीठ, बंदरातले कंटेनर, कांदा, लोखंड, जे मिळेल ते. महिन्यातले पंचवीस दिवस तो घराबाहेर असायचा आणि उरलेले पाच दिवस दारात गाडी धूत बसायचा. दीड वर्षापूर्वी अंघोळीला गेलेला असताना त्याच्या उजव्या अंगावरून वारं गेलं. जीभ वाचली, चेहराही फारसा वाकडा झाला नाही. पण उजवा हात कोपरापासून लाकडासारखा झाला आणि उजवा पाय ओढत न्यावा लागू लागला. ट्रक विकला, त्या दिवशी तो मागच्या परसात जाऊन बसला आणि गाडी फाट्यावरून वळेपर्यंत पुढे आला नाही.

नेत्रा अलिबागला सरकारी कचेरीत कंत्राटी ऑपरेटर होती. दर शनिवारी ती बापाला फिजिओथेरपीच्या मॅडमकडे घेऊन जायची. मॅडम एकच गोष्ट सांगायच्या, हाताला काम द्या, मन लागेल असं काम द्या. त्यांनी दिलेला रबरी चेंडू धर्मा दोनदा दाबायचा आणि खाटेखाली टाकून द्यायचा. "मी काय तान्हा पोर हाय?" म्हणायचा.

मग नेत्राला ही कल्पना सुचली. कचेरीतल्या एकाकडून तिनं जुनं गेमचं स्टिअरिंग आणलं, आपल्या कॉम्प्युटरला जोडलं आणि ट्रक चालवायचा गेम टाकला. मालाची ऑर्डर घ्यायची, ट्रेलर जोडायचा, परदेशातल्या लांबलचक रस्त्यांवरून तो पोचवायचा, असा तो गेम. हाताला व्यायाम म्हणून खेळू दे, चार दिवस खेळेल आणि सोडेल, असं तिला वाटलं होतं.

पहिल्या दिवशी धर्मा वैतागला. "हे सगले उलट्या बाजूनं चालवतात. आन हॉर्न मारला तरी कोन ढुंकून बगत न्हाय." दुसऱ्या दिवशी त्यानं लोकरीची खेप न ठोकता पोचवली. पंधरा दिवसांत उजव्या हाताची बोटं चाकाभोवती वळू लागली. मॅडमनी शनिवारी हात उघडून बघितला, मिटून बघितला, आणि नेत्राच्या पाठीवर थाप मारली. त्या दिवशी परत येताना नेत्रानं बापासाठी जिलबी घेतली.

गेममध्ये पुढं स्वतःची कंपनी काढता येत होती. धर्मानं आपल्या आईचं नाव दिलं, आवडाबाई रोडलाइन्स. इंग्रजी अक्षरं नेत्रानं टाइप करून दिली. वर्षभरात कंपनीत सतरा ट्रक झाले, सतरा ड्रायव्हर झाले. गेमनं दिलेली त्यांची नावं त्याला उच्चारता यायची नाहीत, म्हणून त्यानं आपल्या जुन्या सोबत्यांची नावं त्यांना दिली. जेवताना तो सगुणाला सांगायचा, "आज चांगदेवनं लय लांबची खेप मारली." चांगदेव त्याचा जुना क्लीनर, तो वारून नऊ वर्षं झाली होती. सगुणा भाकरी थापता थापता "व्हय का?" म्हणायची. नवरा बोलतो आहे, एवढ्यावरच ती खूश होती.

उजव्या पायात जोर नव्हता. पायाखालचा ब्रेक धर्माला दाबला जायचा नाही, ट्रक सारखा कुठंतरी धडकायचा. म्हणून नेत्रानं सेटिंग बदललं. चाकाच्या मागं, डाव्या बोटांना लागेल अशी एक पट्टी होती. तिनं ब्रेक त्या पट्टीवर आणून ठेवला. डाव्या हातानं पट्टी ओढली की ट्रक थांबायचा. बापानं दोन दिवसांत ती सवय अंगी बाणवली आणि नेत्राला आपल्या हुशारीचं कौतुक वाटलं.

मग तो गुरुवार आला. नेत्राच्या कचेरीला सुट्टी होती. दुपारी तीनच्या सुमाराला धर्माचा पुतण्या हितेश छोटा टेम्पो दारात लावून मागच्या दारी राहणाऱ्या आपल्या आईला भेटायला गेला. चावी गाडीतच होती. धर्मा अंगणात उभा होता. हितेश पाणी पिऊन परत येईपर्यंत टेम्पो निघालेला होता.

फाट्यापर्यंत दोनशे पावलं असतील. गावातले लोक नंतर सांगत होते, धर्मानं गाडी अगदी सरळ नेली. फाट्यावर छत्रीखाली गोदूबाई मासळीची पाटी मांडून बसते. वळणावर तिला बघून धर्मानं ब्रेक मारला. म्हणजे त्यानं डाव्या हाताची बोटं चाकामागं नेली आणि जी पट्टी तिथं नव्हती ती ओढली. जड उजवा पाय ॲक्सिलरेटरवर होता तिथंच राहिला. पाटी चिरडली, छत्री मोडली, गोदूबाई वेळेवर कलंडली म्हणून जीव वाचला, पण घोट्याची हाडं दोन ठिकाणी मोडली. टेम्पो माडाला टेकून बंद पडला.

नेत्रा धावत आली तेव्हा धर्मा अजून आतच बसलेला होता. "मी दाबला गं ब्रेक," तो म्हणत होता. "बाय, मी दाबला. देवाशप्पत दाबला." आणि डाव्या हाताची बोटं मिटून उघडून दाखवत होता. ती बोटं गेममधली पट्टी ओढत होती. आजूबाजूच्या कुणालाच ते कळलं नाही. नेत्राला कळलं.

गोदूबाईनं पोलिसांत तक्रार केली नाही. "धर्मा माझा भाऊच हाय," एवढंच दवाखान्यात म्हणाली आणि भिंतीकडे तोंड वळवलं. बरी झाली तरी पाय आखूड राहील, असं डॉक्टरांनी तिच्या सुनेला सांगितलं.

म्हणून त्या सकाळी सगुणानं गेम काढायला सांगितला आणि नेत्रानं तो काढला. फार सोपं होतं. दोन ठिकाणी क्लिक केलं, एक हिरवी पट्टी डावीकडून उजवीकडे सरकली, संपलं. धर्मा दारात उभा राहून बघत होता.

सोमवारी संध्याकाळी ती कचेरीतून आली तर आतल्या खोलीतून इंजिनाचा आवाज येत होता. धर्मा खुर्चीत होता, चाक हातात होतं. बाजूला हितेश मान खाली घालून उभा.

"सगला हाय तसाच हाय, बाय!" धर्माच्या चेहऱ्यावर अपघातानंतर पहिल्यांदाच हसू होतं. "सतराच्या सतरा गाड्या. पुसला तरी जात न्हाय."

नेत्रानं हितेशला अंगणात ओढलं. "तू परत टाकलास? तुझ्याच गाडीनं झालं ना सगळं?"

"काका रडले गं माझ्यासमोर," हितेश म्हणाला. "मी त्यांना कधी रडताना बघितलेलं नाही. काय करू सांग."

आतून सगुणा बाहेर आली आणि हळू आवाजात म्हणाली, "सकाळी काय म्हनत व्हता म्हाईत हाय? आता पायानं ब्रेक मारायला शिकतो, म्हंजे पुन्हा चूक व्हनार न्हाय. परत गाडीवर बसायचा हाय त्याला. नेत्रा, पुढच्या वेळी गाडीखाली पोर असंल कुनाचा तरी."

पुढच्या रविवारी नेत्रा कामाला बसली. इंटरनेटवर शोधल्यावर तिला कळलं की गेम काढला तरी खेळलेलं सगळं कॉम्प्युटरच्या दुसऱ्या कोपऱ्यात जपून ठेवलेलं असतं. तिनं ती फाइलींची जागा शोधली, सगळं निवडलं, पुसलं, कचऱ्याची पेटीही रिकामी केली. खात्री करावी म्हणून गेम पुन्हा टाकून उघडला. आवडाबाई रोडलाइन्स तिथंच. सतरा गाड्या तिथंच. एक प्रत ऑनलाइन खात्यावर होती, ती आपोआप खाली उतरली होती. तिला क्षणभर रडू आलं. आणि त्याच क्षणी, आत कुठंतरी, हायसंही वाटलं. त्या हायसं वाटण्याची तिला लाज वाटली.

मग ती ऑनलाइन प्रतही कशी घालवायची, ते तिनं वाचून काढलं. आधी जोडणी बंद करायची, इथलं पुसायचं, नवा कोरा खेळ सुरू करून ठेवायचा आणि जोडणी परत चालू करायची. मग कॉम्प्युटर विचारतो, दोन्हीतली कुठली प्रत ठेवू? कोरी ठेव म्हटलं की जुनी कायमची जाते.

ती तिथवर पोचली. पडद्यावर दोन चौकोन आले. एका चौकोनात सहाशे अकरा तास. दुसऱ्यात शून्य.

बापाला न सांगता हे करायचं तिच्या जिवावर आलं. तिनं त्याला हाक मारली. तो पाय ओढत आला आणि खाटेवर टेकला.

"बाबा, या वेळी सगळंच जाणार आहे. परत येणार नाही."

धर्मा दोन्ही चौकोनांकडे बघत राहिला. "सतरा ड्रायवर हायत," तो म्हणाला. "त्यांचा काय व्हईल?"

"ते खरे नाहीत, बाबा."

"ता मना ठाव हाय." तो चिडला नव्हता. "खरा काय आन खोटा काय, ता मना कलत न्हाय असा वाटतं तुला? खरी गोदू हाय. तिचा पाय खरा हाय. मी रोज सकाली उठल्यावर तोच बगतो."

"मग मी काय करू, तू सांग."

"मी न्हाय म्हनलो तर ठेवशील?"

नेत्रानं नजर पडद्याकडे वळवली.

"मग इचारतंस कशाला?" धर्मा उठला. उठताना त्याला खाटेचा कठडा धरावा लागला. तिनं हात पुढं केला, पण त्यानं घेतला नाही. तो बाहेर गेला आणि ओट्यावर रस्त्याकडे पाठ करून बसला.

नेत्रानं शून्याचा चौकोन निवडला. "तुमची खात्री आहे का?" असं पडद्यानं विचारलं. तिची खात्री नव्हती. तरी तिनं हो म्हटलं. मग गेम काढला, स्टिअरिंगची वायर गुंडाळली आणि ते माळ्यावर ठेवून दिलं.

घर शांत झालं. हितेश टेम्पो आता चुलत्याच्या घरापासून लांब, देवळाजवळ लावू लागला. धर्मानं कुणाला दोष दिला नाही, जेवण टाकलं नाही, आदळआपट केली नाही. तो सकाळी ओट्यावर बसायचा, दुपारी खाटेवर पडायचा. सगुणा मुद्दाम काहीबाही विचारायची. तो हुं म्हणायचा. व्यायाम कर म्हटलं की करायचा, दोन-तीनदा, तिच्याकडे न बघता. सहाव्या आठवड्यात त्याच्या हातातून पाण्याचा तांब्या सुटला. दहाव्या आठवड्यात बोटं पुन्हा तळव्याकडे वळायला लागली, आणि नखं कापायला सगुणाला ती एकेक करून उघडावी लागू लागली.

मॅडमनी शनिवारी हात तपासला आणि नेत्राकडे बघितलं. "आधी जे करत होते, ते का बंद केलं? तेच परत सुरू करा. हाताला ते मानवलं होतं." नेत्रानं गोदूबाईची गोष्ट सांगितली. मॅडमनी ती ऐकून घेतली. मग म्हणाल्या, "चाव्या लपवा. पण हे सुरू करा."

त्याच दिवशी नेत्रानं स्टिअरिंग माळ्यावरून काढलं. ब्रेक पायाशीच ठेवला, पट्टीवर नाही. सगुणानं विरोध केला नाही. तिनंच नवऱ्याला हाताला धरून खुर्चीत आणून बसवलं.

गेम उघडला. पडद्यानं नवीन ड्रायव्हरचं नाव विचारलं. पुढच्या पानावर लिहिलं होतं की तुमच्याकडे अजून स्वतःची गाडी नाही, आधी दुसऱ्या मालकाच्या गाडीवर काम करा. नेत्रानं ते बापाला वाचून दाखवलं.

धर्मानं उजवा हात डाव्या हातानं उचलून चाकावर ठेवला. बोटं चाकाभोवती वळली नाहीत. हात घसरून मांडीवर आला. त्यानं पुन्हा उचलला, पुन्हा घसरला.

"दुसऱ्याच्या गाडीवर मी एकदा सुरू केला व्हता," तो म्हणाला. "तवा मी एकवीस वर्साचा व्हतो. आता न्हाय जमायचा, बाय. बंद कर."

"थोडं थोडं कर ना बाबा. होईल परत."

"जुना असता तर केला असता."

त्या संध्याकाळी नेत्रानं गेमवाल्यांना इंग्रजीत पत्र लिहिलं. वडिलांचं आजारपण लिहिलं, फिजिओथेरपीच्या मॅडमचं मत लिहिलं, कंपनीचं नाव आणि तारीख लिहिली, जुनी प्रत कुठं शिल्लक असेल तर परत द्यावी अशी विनंती केली. बापाला सांगितलं, "लिहिलंय त्यांना. मिळेल कदाचित."

धर्मानं मान वर केली. "मिलंल?"

"बघू."

उत्तर तिसऱ्या दिवशी कचेरीत असतानाच आलं. भाषा फार सभ्य होती. त्यांनी वडिलांना लवकर बरं वाटो म्हटलं होतं. खेळाडूनं स्वतः निवड करून बदललेली प्रत आमच्याकडे उरत नाही, ती परत देता येत नाही, क्षमस्व. नेत्रानं ते दोनदा वाचलं. समोरच्या खिडकीशी उताऱ्यासाठी आलेली माणसं उभी होती. तिनं मोबाइल पालथा ठेवला आणि पुढचा अर्ज घेतला.

घरी पोचली तर धर्मा ओट्यावर वाट बघत होता. "आला का काय जबाब?"

ती चपला काढायला वाकली. चपला काढायला जेवढा वेळ लागतो त्यापेक्षा जास्त वेळ ती वाकून राहिली.

"नाही अजून," ती म्हणाली. "लांबची माणसं आहेत. वेळ लागतो त्यांना."

"लागनारच," धर्मा म्हणाला. त्यानं डाव्या हातानं शेजारी ठेवलेला रबरी चेंडू उचलला, उजव्या मुठीत कोंबला आणि ओठ घट्ट मिटून दाबायला लागला. एक. दोन. तिसऱ्या वेळी त्यानं डाव्या हाताचा आधार दिला. "तवर हात तयार ठेवला पायजे," तो म्हणाला, "न्हायतर आल्यावर काय उपेग?"

सगुणानं आतून नेत्राकडे बघितलं. नेत्रा बापाशेजारी बसली आणि त्याच्यासोबत मोजू लागली.