मामाची मांडी

“मंग मला बोलवलंच कशाला? टकलं बघायला?” भुजंग देवळाच्या पायरीवरूनच ओरडला. वडीगोद्रीहून गाड्या बदलत बदलत तो पिंपळगावला रेणुकाईच्या दारी आल्ता, अन् भाच्याचं जावळ उरकून गेल्तं. गोट्याचं डोकं हळद फासून पिवळंजर्द.

“हळू बोल, सासरची माणसं हायेत,” प्रभावती आक्का म्हणाली. “मुहूर्त सकाळचा निघाला रे.”

“अन् मांडी कोणाची?”

आक्कानं पंगतीकडं पाह्यलं. चुलतभाऊ साहेबराव पंगतीत जेवून राह्यला होता. कडक इस्त्रीची पँट, अन् तिच्यावर जावळाचे बारीक केस अजून चिकटलेले. भुजंगची नजर बराबर तिथंच गेली.

जावळ काढताना पोरगं मामाच्या मांडीवर बसतं. सख्खा मामा एकच, भुजंग. गोट्या तान्हा असताना तापानं फणफणला, तवा आक्कानंच रडत रडत त्याला नवस बोलायला लावल्ता: याचं जावळ माझ्या मांडीवर होईस्तोवर मीबी डोक्याला कात्री लावणार न्हाई. पोरगं वाचलं. भुजंगचे केस खांद्याखाली गेले. मास्तर म्हणले, केस काप न्हाईतर वर्गात येऊ नको. तो गेलाच न्हाई परत. गावानं अस्वल म्हणलं, एकदोघांची थोबाडं फुटली, पण केस राह्यले.

“तुला तर समदं ठावं व्हतं ना, आक्के?”

“तुझे दाजी म्हणले, फोटोवाला येणार, असल्या झिपऱ्यांचा मामा...” तिनं पदर तोंडाला लावला. “झालं ते झालं. न्हावी हाये अजून. बस, तूबी मोकळा हो.”

“मोकळा कसा होऊ? नवस माझ्या मांडीचा व्हता, साहेबरावच्या न्हाई. केसानं गळा कापलास माझा.”

तेवढ्यात गोट्या दुडदुडत आला अन् नेहमीसारखा मामाच्या केसांना लोंबला. खिदळायला लागला. भुजंगनं पिशवीतून टोपडं काढून त्याला घातलं. जावळासकट माप धरून घेतलेलं. ते सरळ डोळ्यांवर घसरलं. भुजंगनं ते वर सरकवलं. पुन्हा घसरलं.

“जेवून तरी जा रे भुज्या.”

भुजंगनं गोट्याचं एक एक बोट केसांतून सोडवलं.

“न्हाई. निघायचंय मला आता.”