ट्रामवाला टुकटुकमध्ये

नवऱ्याशी खोटं बोलायचं, हे ओदेतने मंगळवारी सकाळी अंडी उकडता उकडता ठरवलं.

आर्मिंदोला निवृत्त होऊन पाच दिवस झाले होते आणि पाचही दिवस तो खिडकीत उभा होता. छत्तीस वर्षं त्याने लिस्बनच्या चढउतारांवर पिवळी ट्राम चालवली. तीच ट्राम आता घरासमोरून जायची आणि तो घड्याळ बघून म्हणायचा, "चार मिनिटं उशीर." थोड्या वेळाने दुसरी यायची. "ऐकलंस? ब्रेक किती उशिरा लावला! चाकं रडतायत नुसती." ओदेत शाळेच्या स्वयंपाकघरात तीस वर्षं शंभर पोरांचं सूप ढवळून आलेली बाई. कटकट तिला नवी नव्हती. पण ती शंभर पोरं चार वाजता आपापल्या घरी जायची. हा कुठे जाणार?

तिच्या मनात आणखीही एक गोष्ट होती, ती तिने कुणाला सांगितली नव्हती. लग्नाला एकोणचाळीस वर्षं झाली, पण नवऱ्याशेजारी बसून तिने हे शहर कधी बघितलंच नव्हतं. रविवारी त्याची पाळी असली की ती मुद्दाम त्याच्या गाडीत चढायची आणि पहिल्या बाकावर बसायची. समोर त्याची पाठ, आणि पाठीवर लटकल्यासारखी पाटी: चालकाशी बोलू नये. नदी, किल्ला, चर्चं हे सगळं तिने त्याच्या खांद्यावरून पाहिलं होतं. त्याच्या मानेवरचा तीळ मात्र तिला पाठ होता.

"कोट घाल," ती म्हणाली. "तुझ्या गुडघ्यासाठी मलम आणायचंय."

"मग तू आण."

"औषधवाली म्हणते, गुडघा बघितल्याशिवाय देणार नाही."

आर्मिंदो कुरकुरत निघाला. औषधाचं दुकान खाली उजवीकडे होतं. ओदेत डावीकडे वळली, ग्रासा भागाच्या चढावरून थेट वरच्या कठड्यापाशी. तिथून अख्खं शहर दिसतं, म्हणून तिथे कायम गर्दी. पाइनच्या झाडाखाली पुदिन्याच्या रंगाची एक टुकटुक, म्हणजे पर्यटकांना फिरवणारी उघडी रिक्षा, उभी होती. संत अंतोनियोच्या जत्रेतल्या कागदी झुरमुळ्या तिच्या टपावर अजून फडफडत होत्या. चालकाच्या जागेवर तेल्मा बसली होती. ती त्यांच्याच इमारतीत तळमजल्यावर राहायची. सव्वीस वर्षांची, बोलायला लागली की थांबायची नाही.

आर्मिंदो जागीच थांबला. टुकटुक हा शब्दही त्याच्या घरात जेवताना काढायची सोय नव्हती. रुळांवर गाडी उभी करून पर्यटकांना फोटो काढू देणारे, हॉर्न ऐकू न येणारे, कुठूनही घुसणारे डास, असं तो त्यांना म्हणायचा.

"हे काय आहे?"

"टुकटुक."

"ते दिसतंय मला. आपण इथे का उभे आहोत?"

"मी पैसे भरलेत म्हणून. सगळ्यात स्वस्त फेरी आहे, अर्ध्या तासाची. पैसे परत मिळत नाहीत."

"आणि माझा गुडघा?"

"तोही बसेल की. जागा आहे."

"ओदेत, मी मेलो तरी यात बसणार नाही."

तेवढ्यात गाडीतून एक टोकदार आवाज आला. "अहो, चढायचं तर चढा, नाहीतर बाजूला व्हा! मला अठ्ठ्याऐंशी वर्षं झालीत. माझ्याकडे एवढा वेळ नाही!"

स्वस्त फेरी म्हणजे गाडी वाटून घ्यायची. मागच्या बाकावर दोना आदोझिंदा नावाच्या एक आजीबाई आधीच बसल्या होत्या. उत्तरेकडून, ब्रागाहून आलेल्या. नुकतेच सेट केलेले पांढरे केस, मांडीवर पर्स, पर्सवर दोन्ही हात. त्यांची मुलगी इल्दा हिला गाडी लागते, म्हणून ती खाली नदीकाठच्या चौकात कॉफी घेत थांबणार होती आणि आईला तिथेच उतरवून घेणार होती.

म्हातारीला ताटकळत ठेवणं आर्मिंदोच्या रक्तात नव्हतं. छत्तीस वर्षांत त्याने एकाही म्हातारीला थांब्यावर सोडलं नव्हतं. त्याने टोपी नाकापर्यंत ओढली, कोटाची कॉलर उभी केली आणि चोरासारखा मधल्या बाकावर ओदेतच्या शेजारी येऊन बसला.

"कुणी ओळखीचं दिसलं तर मला चिमटा काढ," तो पुटपुटला. "मी खाली वाकेन."

"सगळ्या रस्त्यात तुझे ओळखीचेच आहेत. चिमटे काढून काढून निळा पडशील."

गाडी निघाली आणि ओदेतच्या पोटात एकदम गुदगुल्या झाल्या. ट्राम कशी गंभीरपणे खाली उतरते. ही तर उताराला लागली तशी शेळीच्या पिल्लासारखी उड्या मारायला लागली. दगडी रस्त्यावर दात वाजत होते, झुरमुळ्या सटासट तोंडावर येत होत्या. बाल्कन्यांतले वाळत घातलेले कपडे इतके जवळून गेले की ओदेतला साबणाचा वास आला.

"जोरात घे गं पोरी!" मागून दोना आदोझिंदा ओरडल्या.

साओ व्हिसेन्तेच्या मोठ्या पांढऱ्या चर्चपाशी तेल्माने वेग कमी केला आणि पाठ केलेलं सुरू केलं. "मंडळी, याच दारातून एक राणी मध्यरात्री घोड्यावर बसून पळाली होती."

टोपीखालून आवाज आला, "कुठली राणी?"

"नाव... नाव उपलब्ध नाही."

"एवढ्या पायऱ्या घोडा उतरला कसा?"

"सेन्योर आर्मिंदो, मला ट्राम चालवायला सांगितली तर मी चालवेन का? मग तुम्ही माझी राणी का चालवताय? तुम्हाला जास्त माहीत असेल तर तुम्ही सांगा!"

आर्मिंदोने मान तिरकी करून चर्चच्या दाराकडे पाहिलं. गाडी वळली. मग घसा खाकरून तो म्हणाला, "त्या दारापाशी एक नवरी माझ्या ट्राममध्ये चढली होती. एकोणनव्वद सालची गोष्ट. पायघोळ पांढरा झगा, अर्धा दाराबाहेर लोंबतोय. मला म्हणाली, दादा, कुठेही न्या, फक्त थांबू नका."

"अगं बाई!" दोना आदोझिंदा पुढे सरकल्या. "मग?"

"मग काय, मी थांबलो नाही. नियमात नाही ते. दोन थांबे सोडले. मागून नवरा पळत येतोय, त्याच्यामागे पाद्री, त्याच्यामागे दोन्हीकडची वऱ्हाडं. चढावर ट्राम मंदावली तेव्हा नवऱ्याने दांडा पकडला आणि आत आला. तिकिटाला पैसे नव्हते, ते मी भरले. शेवटच्या थांब्यापर्यंत दोघं भांडत आले आणि परतीच्या फेरीत हातात हात घालून. तीन मुलं आहेत आता."

ओदेत त्याच्याकडे बघतच राहिली. "हे मला कधी सांगितलं नाहीस."

"तू सूप ढवळत होतीस."

"एकोणचाळीस वर्षं?"

तो उत्तर देणार इतक्यात गाडी करकचून थांबली. पुढे गल्ली इतकी अरुंद की ट्राम गेली तर माणसाला दारात अंग चोरून उभं राहावं लागतं. त्या गल्लीच्या तोंडाशी ट्राम अडकली होती. तिच्यापुढे रुळांवर एक पांढरी व्हॅन, चारी दिवे मिचकावत. आत कुणीच नाही. ट्रामची घंटा ठणाणत होती. ट्राममधले पर्यटक खिडक्यांतून अर्धे बाहेर येऊन फोटो काढत होते, कारण त्यांना वाटलं हाही शहराचाच कार्यक्रम.

"कितेरियो," ट्रामच्या चालकाची पाठ बघून आर्मिंदो कुजबुजला आणि बाकाखाली सरकला. कितेरियो त्याच्या हाताखाली शिकलेला, आणि डेपोतला सगळ्यात मोठा बडबड्या. "आज संध्याकाळपर्यंत सगळ्या डेपोला कळेल."

घंटा वाजतच राहिली. एक मिनिट, दोन मिनिटं. ओदेतला शेजारी काहीतरी थरथरल्यासारखं वाटलं. तो आर्मिंदोचा पाय होता. ट्रामची घंटा चालक पायाने वाजवतो, आणि त्याचा पाय इथेही वाजवत होता.

"अरे अशी वाजवून येणार आहे का तो?" शेवटी त्याच्याने राहवेना. "ती फ्रीजवाल्या व्हॅलेरियानोची व्हॅन आहे! दर मंगळवारी न्हाव्याकडे असतो. त्याला घंटा ऐकूच येत नाही, डोकं बेसिनमध्ये असतं त्याचं!"

आणि तो उतरला. टोपी मागे सरकली, कॉलर खाली आली, गुडघ्याचं दुखणं कुठल्या कुठे गेलं. तरातरा चालत तो कोपऱ्यावरच्या न्हाव्याच्या दुकानात शिरला आणि क्षणात एका लठ्ठ माणसाला दंडाला धरून बाहेर घेऊन आला. व्हॅलेरियानोच्या अर्ध्या चेहऱ्यावर साबणाचा फेस, अर्धा गुळगुळीत, गळ्यात पांढरं फडकं. ट्रामभर टाळ्या पडल्या. त्याने फेसाळलेल्या तोंडाने सगळ्यांना वाकून नमस्कार केला आणि व्हॅन काढली.

कितेरियो दारात उभा राहून हे सगळं बघत होता. मग त्याची नजर टुकटुककडे गेली, झुरमुळ्यांकडे गेली, ओदेतच्या शेजारच्या रिकाम्या जागेकडे गेली. त्याच्या चेहऱ्यावर हळूहळू हसू पसरलं.

"उस्ताद! तुम्ही? यात?"

"बायकोला गुडघ्याचं... म्हणजे मला..." आर्मिंदो अडखळला.

"पाच दिवसांत पक्ष बदललात! बरं, बसा बसा. खाली कॅथेड्रलपाशी वाट बघतो तुमची. खेळण्यातली गाडी पोचेल तेवढ्यात मी झोप काढून घेईन."

आर्मिंदोचे कान लाल झाले. तो टुकटुककडे आला आणि मागे न बसता थेट पुढे, तेल्माच्या शेजारच्या पट्टीवर टेकला. "याच्या मागेच राहा," तो म्हणाला. "पोर्तास दो सोलच्या थांब्यावर हा थांबणार. उतरणारे वीस, चढणारे तीस, त्यातले दहा सुटे पैसे शोधणार. तेव्हा डावीकडून काढ."

"सेन्योर आर्मिंदो, ही अर्ध्या तासाची शांत फेरी आहे."

"शांत?" मागून दोना आदोझिंदांनी पर्स बाकावर आपटली. "घरी गेल्यावर शांतच आहे सगळं! काढ गाडी!"

पुढे नेमकं तसंच झालं. ट्राम थांबली, दारात गर्दी झाली आणि पुदिन्याच्या रंगाची टुकटुक डावीकडून अलगद पुढे सटकली. दोना आदोझिंदांनी ट्रामकडे बघून हात हलवला, राजघराण्यातल्या बाईसारखा. खाली नदी लखलखत होती, पण नदीकडे बघायला कुणाला वेळ होता? आर्मिंदो ओरडत होता, "आता ब्रेक सोड! आता धर! वळणावर उजवीकडे झुका सगळ्यांनी!" सगळे झुकले. ओदेतला हसू इतकं आवरेना की तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. पोटात दुखतंय, श्वास लागतोय, आणि थांबवता येत नाहीये. अठराव्या वर्षानंतर अशी ती हसलीच नव्हती.

आणि त्या हसण्यातच घोटाळा झाला. नवी सँडल चावत होती म्हणून तिने पट्टा सोडून ठेवला होता. कॅथेड्रलचे मनोरे समोर दिसत होते, अजून शंभर पावलं राहिली असतील नसतील, तेवढ्यात गाडीने एक उडी मारली. सँडल पायातून निघाली, हवेत फिरली आणि मागे रस्त्यावर जाऊन पडली.

"सँडल!" ओदेत ओरडली. "जाऊ दे, नंतर घेऊ! आपण जिंकतोय!"

"थांबव," आर्मिंदो म्हणाला.

"पण सेन्योर, ती बघा ट्राम मागे..."

"थांबव गं पोरी. तिची सँडल पडलीय."

तेल्माने गाडी कडेला घेतली. तो मागे वळून चढावर पळत गेला, सँडल उचलली, कोटाच्या बाहीने पुसली आणि परत आला. ओदेतने हात पुढे केला, पण त्याने दिली नाही. तिथेच रस्त्यात, दगडांवर गुडघा टेकून त्याने ती तिच्या पायात घातली आणि पट्टा लावला. दुसरं भोक घट्ट, तिसरं सैल, म्हणून पुन्हा दुसरं. ट्राम बाजूने घंटा वाजवत निघून गेली. कितेरियो बाहेर झुकून ओरडला, "सावकाश, उस्ताद, सावकाश! घाई नाही!" आणि सगळ्या खिडक्यांतून अनोळखी माणसांनी शिट्ट्या मारल्या.

ओदेतला वाटलं, आता याला राग येणार. पण तो वर बघून विचारत होता, "चावते का अजून?"

"नाही," ती म्हणाली. चावत होती, पण ती सांगणार नव्हती.

नदीकाठच्या मोठ्या चौकात पोचायला अर्ध्या तासाऐवजी सव्वा तास लागला होता. कमानीपाशी इल्दा दोन फोन कानाला लावून येरझाऱ्या घालत होती. आईला बघून तिचा जीव भांड्यात पडला आणि दुसऱ्याच क्षणी तोंड सुटलं. "आई! सव्वा तास! आणि हे केसांचं काय झालं?"

दोना आदोझिंदांचे केस वादळात सापडलेल्या घरट्यासारखे झाले होते. त्यांनी शांतपणे पर्स सावरली. "काय होणार? चर्चं बघितली. फार चर्चं आहेत या गावात." मग मुलीची पाठ वळताच त्यांनी आर्मिंदोच्या गालावर चापट मारली. "पोरा, तू हरलास, पण बरा हरलास."

त्या गेल्यावर तेल्मा झुरमुळ्या नीट करत म्हणाली, "गुरुवारी माझ्या दोन फेऱ्या आहेत. पुढची ही जागा रिकामीच असते. ती नवरीची गोष्ट... लोकांना आवडेल ती."

"आधी तुझी ती राणी काढून टाक," आर्मिंदो म्हणाला.

"काढली!"

"आणि रुळांवर थांबायचं नाही. एक सेकंदही."

"शपथ!" आणि त्याने विचार बदलायच्या आत ती भुर्रकन निघून गेली.

चौकात दोघंच उरली. ऊन चढलं होतं, खारा वारा सुटला होता. धक्क्याला पलीकडच्या काठावर जाणारी बोट लागत होती, आणि तिच्या भोंग्याने कबुतरांचा थवा उडाला.

"शेवटचं कधी गेलो आपण पलीकडे?" आर्मिंदोने विचारलं.

"तुझ्या मामाच्या मयताला."

"मग आज जेवायला जाऊ. तिकडे भाजलेले मासे बरे मिळतात म्हणे."

ओदेतने त्याचा दंड धरला आणि दोघं धावली, म्हणजे त्यांना जेवढं धावता येत होतं तेवढं. फाटकावरच्या माणसाने दार धरून ठेवलं. बोट हलली तेव्हा ती दोघं बाहेरच्या बाकावर धापा टाकत बसली होती आणि शहर त्यांच्यासमोर हळूहळू मागे सरकत होतं, टेकड्या, घरं, सगळं एकदम.

"अरे देवा," ओदेत अचानक म्हणाली. "घरी छोले भिजत घातलेत."

"भिजू देत," आर्मिंदो म्हणाला, आणि किनाऱ्याकडे बोट दाखवून त्याने दुसरी गोष्ट सुरू केली.